"मोठीच द्या, दोन वर्षं चालेल"

(खेळाच्या साहित्याच्या दुकानातून बिलासोबत घरी न्यायचं पत्रक. पालकांसाठी लिहिलंय, मुलांनी वाचलं तरी हरकत नाही.)

वरचं वाक्य आमच्या काउंटरवर रोज एकदा तरी ऐकू येतं. वडील बॅट उचलतात, मुलाशेजारी धरून बघतात आणि म्हणतात, "वाढतं अंग आहे, मोठीच द्या." गणवेशाला हा हिशेब ठीक आहे. पँट खाली दुमडून शिवता येते, पुढच्या वर्षी उसवता येते. बॅटचं तसं नाही. जड बॅट सरळ खाली येत नाही, म्हणून मूल ती आडवी ओढून मारायला शिकतं. बॅट दोन वर्षांनी बदलते, ती सवय मात्र मुलाबरोबर राहते.

घ्यायच्या आधी एवढं करून बघा. बॅट पायाशेजारी उभी केली की मुठीचं टोक कमरेच्या आसपास यावं. मग मुलाला ती फक्त वरच्या हाताने (उजव्या हाताने खेळणाऱ्याचा डावा) समोर सरळ धरायला सांगा आणि दहा आकडे मोजा. मनगट खाली झुकलं, तर एक नंबर लहान घ्या. आमचे चार पैसे कमी होतील, होऊ देत.

चेंडूलाही हाच न्याय. मोठ्यांचा लेदर बॉल १५६ ते १६३ ग्रॅमचा, तर १३ वर्षांखालच्या मुलांचा १३३ ते १४४ ग्रॅमचा असतो. हातात घेतला की हा फरक कळतो, बोटावर बसला की जास्तच कळतो. फुटबॉल आठ वर्षांपर्यंत ३ नंबर, बारापर्यंत ४, पुढे ५. उड्यांच्या दोरीच्या मधोमध उभं राहून मुठी वर ओढल्या की त्या काखेपर्यंत याव्यात. टेनिस बॉलने खेळणाऱ्याला इंग्लिश विलो या लाकडाची बॅट लागत नाही. मागितली तर दाखवू, पण आधी हे सांगू.

"पण खेळून मिळणार काय?"

हा प्रश्न बहुतेक वेळा आई विचारते, आणि मुलगा बूट घालून बघत असतानाच विचारते.

जागतिक आरोग्य संघटना सांगते की ५ ते १७ वर्षांच्या मुलांनी रोज सरासरी ६० मिनिटं तरी दम लागेल अशी हालचाल करावी आणि आठवड्यातून तीन दिवस त्यात हाडांना, स्नायूंना जोर देणारं काही असावं. म्हणजे उड्या, पळणं, लोंबकळणं. उडी मारून पाय जमिनीवर आदळतो तेव्हा हाडावर ताण येतो आणि त्या ताणानेच हाड भरत जातं. हाडांची बरीचशी पुंजी विशीच्या आसपासपर्यंत जमा होते, पुढे आयुष्यभर तीच वापरायची. ही ६० मिनिटं सलग लागत नाहीत. गल्लीतली लगोरी, लंगडी, वाण्याकडे सायकलवर मारलेली फेरी, सगळं धरायचं. दुसरा फायदा डोळ्यांचा. जी मुलं दिवसाउजेडी बाहेर जास्त असतात, त्यांना लांबचं धूसर दिसण्याचा चष्मा लागण्याचं प्रमाण कमी आढळतं. घरातल्या दिव्याचा उजेड बाहेरच्या उजेडापुढे फारच थोडा असतो.

खो मिळेपर्यंत उठायचं नाही

दुकानामागच्या मैदानावर संध्याकाळी खो-खो चालतो. शटर ओढायच्या आधी आम्ही दहा मिनिटं तिथे उभे राहतो, म्हणून जे बघितलंय तेच सांगतो.

आठ जण ओळीने बसलेले, एकाचं तोंड इकडे, शेजारच्याचं तिकडे. नववा समोरच्या संघातल्या गड्याचा पाठलाग करतोय. बसलेल्याने खो मिळाल्याशिवाय उठायचं नाही. नवीन मुलाला हेच सगळ्यात अवघड जातं. पळणारा गडी अगदी हाताच्या अंतरावरून जातो, पाय शिवशिवतात, मूल उठतं आणि शिट्टी वाजते. पहिल्या आठवड्यात प्रत्येक जण उठतो. महिनाभराने त्यांच्यातलीच एखादी मुलगी टाचा उचलून, बोटं जमिनीला टेकवून, नुसत्या डोळ्यांनी पाठलाग करत बसलेली दिसते. पाठीवर थाप पडली की सुटते.

पाठलाग करणाऱ्याचं काम तर त्याहून डोक्याचं. एकदा दिशा धरली की खांब ओलांडेपर्यंत मागे वळता येत नाही आणि मधली रेषाही ओलांडता येत नाही. समोरचा गडी मात्र बसलेल्यांच्या मधून हवा तसा जातो. तो पलीकडे गेला की आपण मारलेली सगळी धाव सोडून, पलीकडे तोंड करून बसलेल्याला खो द्यायचा. गडी बाद करण्याचं श्रेय दुसऱ्याला जाणार हे कळत असूनही द्यायचा, आणि तेही क्षणात ठरवून. हे मूल्यशिक्षणाच्या तासाला फळ्यावर लिहून कसं शिकवणार?

जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत खो-खोचा पहिला विश्वचषक झाला. भारताच्या पुरुष आणि महिला, दोन्ही संघांनी अंतिम सामन्यात नेपाळला हरवलं. दोन्ही कर्णधार महाराष्ट्राचे, प्रतीक वाईकर आणि प्रियंका इंगळे. त्यानंतर आमच्याकडे खो-खोच्या "किट"ची विचारणा सुरू झाली. मातीवर सुरुवात करायला दोन खांब आणि फक्की पुरते. घरी नेण्यासारखं त्यात फारसं काही नाही, दुकानदार म्हणून थोडं वाईटच वाटतं.

अभ्यासाचं काय?

खेळणारं मूल हमखास पहिलं येतं असं आम्ही म्हणणार नाही. पण "गणितात कच्चा आहे" म्हणून ज्याची ओळख करून दिली होती तो मुलगा, दुकानातल्या टीव्हीवर १२ चेंडूंत १९ हव्यात म्हटल्यावर आमच्या आधी "षटकाला साडेनऊ" बोलून गेला. विटीदांडूची वकट, लेंड, मुंड, नाल ही मोजणी तेलुगूतल्या ओकटि, रेंडु, मूडु, नालुगु या आकड्यांशी जुळते. घरात आजोबा असतील तर त्यांना म्हणायला सांगा, भूगोलाचा एक तास वाचेल.

आणि भांडणं मुलांनाच सोडवू द्या. पंच नसलेल्या गल्लीत बाद की नाबाद हे बोलूनच ठरतं. धाकट्याला कच्चा लिंबू म्हणून खेळात घेतात, बाद झाला तरी धरत नाहीत. हा नियम कुठल्याही पुस्तकात नाही, तरी प्रत्येक गल्लीला माहीत आहे. रडीचा डाव करणाऱ्याला दुसऱ्या दिवशी कोणी बोलावत नाही, तेवढी शिक्षा त्याला पुरते. आपण गॅलरीतून न्याय द्यायला गेलो की डाव मोडतो.

दुखतंय म्हणाला तर

वाढत्या वयात गुडघ्याच्या वाटीखाली किंवा टाचेत दुखणं हे पुष्कळदा अतिसरावाचं लक्षण असतं. "खेळाडूला दुखणारच" म्हणून पुढे ढकलू नका. विश्रांती द्या, तरी थांबलं नाही तर डॉक्टरांना दाखवा. क्लासच्या सरावाचा एक सोपा हिशेब असा: आठवड्याचे तास मुलाच्या वयाच्या आकड्यापेक्षा जास्त नकोत. दहा वर्षांच्या मुलाला दहा तास खूप झाले. आणि बारा महिने एकच खेळ नको.

आता त्या दोन वर्षांच्या हिशेबाविषयी. लहान झालेली बॅट किंवा बूट धड असतील तर फेकू नका, आणून द्या. हँडलची नवीन ग्रिप आम्ही आमच्या खर्चाने चढवतो आणि मागच्या मैदानावर ज्याच्या मापाची असेल त्याला देतो. सोमवारी दुकान बंद असतं.