चावीतला सेल आणि तो काळा तुकडा

आठवडाभर गाडीची चावी नखरे करत होती. एकदा दाबलं तर काही नाही, दुसऱ्यांदा दाबलं तरी काही नाही, मग जरा थांबून, चावी पार काचेजवळ नेऊन, अंगठ्याचा जोर लावून दाबलं की दारं खट्कन उघडायची. शेवटी एका रविवारी म्हटलं चला, सेल बदलून टाकू, पाच मिनिटांचं तर काम. ते पाच मिनिटांचं काम संध्याकाळपर्यंत पुरलं, त्यात चावीचं कव्हर मोडलं आणि वर गाडीच चालू व्हायची बंद झाली. चूक सगळी माझीच. पण त्या निमित्ताने चावीच्या पोटात काय काय असतं ते नीट बघायला मिळालं, आणि मुख्य म्हणजे हे कळलं की आपण जिला एक चावी समजतो त्या मुळात तीन चाव्या असतात, आणि त्यातल्या एकीलाच सेल लागतो.

आधी उघडायचं बघू. चावीच्या कडेने दोन अर्ध्या कव्हरांचा सांधा दिसतो, त्यात कुठेतरी एक बारीक खाच असते, ती याच कामासाठी ठेवलेली. बटणाने चालू होणाऱ्या गाडीची चावी असेल तर आधी तिच्यातली साधी धातूची चावी ओढून काढायची, बऱ्याचदा खाच तिच्याच मागे लपलेली असते. खाचेत चपटा स्क्रूड्रायव्हर घालायचा, टोकाला चिकटपट्टी गुंडाळून म्हणजे प्लास्टिकवर ओरखडे नकोत, आणि तो पिळायचा. पिळायचा, उचकटायचा नाही, यात फार फरक आहे. आतून दोन्ही भाग प्लास्टिकच्या चिमुकल्या आकड्यांनी एकमेकांत अडकलेले असतात. पिळलं की दोन्ही भाग सारखे लांब होतात आणि आकडे एकेक करून सुटतात, उचकटलं की सगळा जोर एकाच आकड्यावर येतो आणि वर्षानुवर्षं उन्हात तापून कडक झालेलं प्लास्टिक तिथेच कट्ट करतं. मी स्वयंपाकघरातली सुरी घेतली होती. पुढचं सांगायला नको.

आत एक गोल चकती, सीआर २०३२. हा आकडा म्हणजे काही गूढ मॉडेल नंबर नाही, सरळ मापं आहेत. सी म्हणजे लिथियम आणि मँगनीज डायऑक्साइडची जोडी, आर म्हणजे गोल, २० म्हणजे २० मिलिमीटर व्यास आणि ३२ म्हणजे ३.२ मिलिमीटर जाडी. हे एकदा कळलं की २०२५ किंवा २०१६ सेल २०३२च्या जागी का घालू नये हेही कळतं, व्यास तोच असल्यामुळे तो बसतो, पण पातळ असल्यामुळे आतल्या संपर्काच्या पत्र्याला धड टेकत नाही, मग लोक कागदाची घडी घालतात आणि चावी खिशात हलली की परत बंद.

आता गंमत. काढलेल्या सेलला मी मल्टिमीटर, म्हणजे व्होल्टेज मोजायचं यंत्र, लावला तर २.९ व्होल्ट. नव्याला लावला तर ३.२. म्हणजे जुना सेल तर ठणठणीतच म्हणायचा, मग चावी का चालत नव्हती? मलाही आधी वाटलं की बिघाड दुसराच आहे. पण मल्टिमीटर सेलकडून काम करून घेत नाही, नुसता विचारतो, आणि आराम करणारा सेल नेहमी सगळं ठीक असल्याचंच सांगतो. बटण दाबलं की रेडिओ चालू होतो आणि सेलकडे एकदम साधारण १० मिलिअँपिअर मागतो. सेलला स्वतःचा आतला रोध, म्हणजे वीज वाहण्याला होणारा अडथळा, असतो, नव्या सेलचा दहा-पंधरा ओहम, म्हणजे १० मिलिअँपिअरला व्होल्टेज जेमतेम ०.१ ते ०.१५ ने पडतं. सेल वापरून झाला की हा रोध वाढत जातो. समजा तो १०० ओहमवर गेला, तर त्याच बटणाला १ व्होल्टची घट, २.९ चे झाले १.९, आणि बऱ्याच चावीतल्या चिपा २ व्होल्टच्या आसपास हात टेकतात. बटण सोडलं की व्होल्टेज परत वर, मल्टिमीटरवर परत २.९. थंडीत हा रोध आणखी वाढतो, म्हणून चावी बरेचदा कडाक्याच्या थंडीच्या सकाळी दगा देते.

आणि जरा थांबून दाबलं की चालते ते का? तर सेलमध्ये लिथियमचे आयन, म्हणजे वीजभार असलेले कण, एका बाजूने निघून दुसऱ्या बाजूच्या मँगनीज डायऑक्साइडमध्ये शिरत असतात, संपत आलेल्या सेलमध्ये वरवरची जागा भरलेली असते, आयनांना खोलवर सरकायला वेळ लागतो, थोडी उसंत मिळाली की जागा होते आणि पुढचा एक झटका द्यायची ताकद येते. म्हणजे काम आपल्या अंगठ्याच्या जोराचं नव्हतं, मधल्या दहा सेकंदांचं होतं.

एक प्रश्न मला पडला होता की सेल संपवतं कोण? मी दिवसातून दहा-वीस वेळाच तर बटण दाबतो. हिशोब करून बघा. २०३२ मध्ये साधारण २२५ मिलिअँपिअर-तास असतात. एका दाबण्याला १० मिलिअँपिअर अर्धा सेकंद धरलं तर रोज वीस वेळा दाबूनही वर्षाला जेमतेम १० मिलिअँपिअर-तास होतात. पण चावी खिशात ठेवूनच दार उघडणाऱ्या गाडीची असेल तर ती चोवीस तास कान टवकारून बसलेली असते, गाडी हाक मारते का ते ऐकत. त्या ऐकण्याला नुसते ३ मायक्रोअँपिअर धरले तरी वर्षाचे २६ होतात. बोलण्यापेक्षा ऐकणं महाग! शिवाय चावी गाडीच्या अगदी जवळ भिंतीवर टांगली असेल तर काही गाड्यांची हाक सारखी ऐकू येते, चावी सारखी जागी होऊन उत्तर देते, आणि दोन-चार वर्षं चालणारा सेल काही महिन्यांत बसतो. ज्यांच्या चाव्या सारख्या सेल खातात त्यांनी आधी टांगायची जागा बदलून बघा.

नवा सेल बसवताना अधिक बाजू वर होती की खाली, त्याचा जुना काढायच्या आधीच फोटो काढा, नंतर आठवत नाही. सेलचं रुंद, कडेपर्यंत वळलेलं, ज्यावर अक्षरं असतात ते सगळं अधिक, आणि आतली छोटी टोपी वजा. म्हणूनच सेल धातूच्या चिमट्याने धरायचा नाही, कडेला एक टोक आणि टोपीला दुसरं टोक लागलं की झालं शॉर्ट. हल्ली काही सेलांच्या वजा बाजूला कडू लेप असतो, मुलांनी तोंडात घातला तर थुंकावा म्हणून, तो लेप नेमका संपर्काच्या पत्र्याखाली आला तर नवाकोरा सेल घालूनही चावी मेलेलीच राहते, हे माहीत नसलं की माणूस चावीलाच शिव्या देतो.

मुलांचा विषय निघालाच आहे तर थांबून सांगतो, कारण माझा जुना सेल टेबलावरच पडला होता आणि घरात लहान भाचा होता. हा सेल लहान मुलाने गिळला आणि अन्ननलिकेत अडकला तर दोन तासांत आतून भाजतं. आतलं रसायन गळतं म्हणून नव्हे, तर ओलाव्यातून वीज वाहते आणि वजा बाजूला तीव्र अल्कली तयार होते म्हणून. आणि त्याला नवा सेल लागत नाही, वर सांगितलं तसं संपलेला सेलही आरामात २.९ व्होल्ट दाखवतो, चावी चालवायला जी ताकद कमी पडते ती इथे पुरून उरते. गिळल्याची नुसती शंका जरी आली तरी वाट बघायची नाही, तडक हॉस्पिटल. जुन्या सेलच्या दोन्ही बाजूंना चिकटपट्टी लावून तो आधी बाजूला टाकायचा आणि मग बाकीचं काम.

तर सेल बसला, पण कव्हर तुटलेलं, म्हणून नवं रिकामं कव्हर मागवलं. ते आल्यावर बोर्ड, म्हणजे सर्किटची पट्टी, उचलून इकडचा तिकडे ठेवला, रबरी बटणं पुसून लावली, पातं, म्हणजे चावीचा भोकात जाणारा धातूचा भाग, काढून बसवलं. फोल्डिंग चावी असेल तर हे पातं एका बारीक पिनेवर असतं आणि त्याखाली स्प्रिंग, पिन ठोकून काढली की स्प्रिंग अशी उडते की सोफ्याखाली शोधत बसावं लागतं, आणि परत बसवताना तिला थोडा पीळ देऊनच बसवावी लागते नाहीतर पातं मरगळल्यासारखं अर्धंच बाहेर येतं. माझं तिसऱ्या प्रयत्नात जमलं. बटण दाबलं, दारं उघडली, मी खूश. आत बसलो, चावी फिरवली, इंजिन सेकंदभर घुरघुरलं आणि बंद. परत फिरवली, परत तेच. डॅशबोर्डवर चावीचं लाल चित्र लुकलुकत होतं.

रिमोट चालतोय, पातं फिरतंय, मग राहिलं काय? राहिली होती तिसरी चावी. ती मी जुन्या कव्हरात सोडून आलो होतो.

जुनं कव्हर कचऱ्याच्या डब्यातून काढलं (बरं झालं अजून बाहेर गेलं नव्हतं) आणि उजेडात धरलं, तर पात्याच्या बुडाशी एका खाचेत कोळशाच्या कपचीसारखा एक काळा तुकडा, सेंटिमीटरभर लांब, ना वायर, ना सोल्डर, ना अक्षर. मला तो कव्हरचाच भाग वाटला होता. ही इमोबिलायझरची चिप, म्हणजे ओळखीची चावी नसेल तर इंजिन चालू होऊ न देणाऱ्या यंत्रणेची. काही चाव्यांत ती काचेच्या बारीक नळीत असते, बटण-स्टार्ट गाड्यांच्या चाव्यांत बहुतेक बोर्डावरच असते त्यामुळे तिथे हा घोळ होत नाही, पण पातंवाल्या बऱ्याच चाव्यांत ती अशीच सुटी पडलेली असते.

तिला सेल लागत नाही. इग्निशनच्या भोवती, आपण चावी घालतो त्या भोकाभोवती, तांब्याच्या तारेचं एक वेटोळं असतं. चावी फिरवली की त्यात सेकंदाला साधारण सव्वा लाख वेळा उलटसुलट होणारा प्रवाह सुटतो, त्याचं चुंबकीय क्षेत्र चिपेच्या आतल्या केसाएवढ्या तारेच्या वेटोळ्यातून जातं आणि तिच्यात वीज तयार होते. फॅरडेने १८३१ साली हेच दाखवलं होतं. त्या उसन्या विजेवर चिप जागी होते. गाडी तिला एक सोम्यागोम्या आकडा देते, चिप तो आपल्या गुप्त किल्लीने फिरवून उत्तर देते, गाडी स्वतःही तोच हिशोब करते आणि दोन्ही उत्तरं जुळली तरच इंजिनला इंधन मिळतं. आकडा दरवेळी नवा, त्यामुळे उत्तर चोरून ऐकूनही उपयोग नाही.

मी म्हटलं बघूच. जुन्या कव्हराचा तो तुटका अर्धा भाग तसाच हातात धरून इग्निशनजवळ टेकवला आणि दुसऱ्या हाताने नवी चावी फिरवली. इंजिन चालू! त्या मोडक्या प्लास्टिकमध्ये ना सेल, ना बोर्ड, ना बटण, आणि अख्खी गाडी त्याचं ऐकते. सेल पूर्ण मेल्यावर स्मार्ट चावी, म्हणजे बटण-स्टार्ट गाडीची चावी, स्टार्ट बटणाला चिकटवून धरली की गाडी सुरू होते ती याच कारणाने, फक्त कुठे टेकवायची ती जागा गाडीगणिक वेगळी असते, मॅन्युअलमध्ये ते पान आधीच बघून ठेवलेलं बरं.

अजून एक भीती बऱ्याच जणांना असते, सेल काढला की चावी गाडीला विसरेल का. सहसा नाही. दार उघडणारा रेडिओ-कोड दरवेळी बदलतो, दाबलं की एक मोजणी पुढे, आणि ही मोजणी सेल नसतानाही टिकणाऱ्या मेमरीत असते. कीलॉक नावाची पद्धत अनेक रिमोटमध्ये वापरली गेली, १९८०च्या दशकात दक्षिण आफ्रिकेत तयार झालेली, तिच्यात खिशात चुकून दहा-पंधरा वेळा बटण दाबलं गेलं तरी गाडी सांभाळून घेते, त्याहून पुढे गेलं तर लागोपाठ दोनदा दाबल्यावर परत जुळवून घेते. काही गाड्यांना मात्र सेल बदलल्यावर चावी इग्निशनमध्ये ठेवून बटण धरून ठेवणं वगैरे करावं लागतं.

आणि एका प्रकारच्या चावीला हात लावू नका. काही जुन्या चाव्यांत सेल बोर्डाला सोल्डर केलेला असतो आणि तो रिचार्ज होणारा असतो, चावी इग्निशनमध्ये असताना त्याच वेटोळ्यातून चार्ज होतो. त्याच्या जागी साधा सीआर सेल डकवला तर गाडी त्यालाही चार्ज करायला बघणार, आणि साध्या लिथियम सेलला चार्ज करणं म्हणजे तो फुगण्या-फुटण्याची सोय करणं. सेलवर व्हीएल किंवा एमएल लिहिलेलं दिसलं की तसलाच सेल आणायचा.

मी टाचणीने तो काळा तुकडा हळूच सुटा केला, नव्या कव्हरात त्याच आकाराची खाच होतीच, तिथे बसवून गोंदाचा एक ठिपका लावला, आणि गाडी पहिल्या फटक्यात सुरू झाली. फक्त नव्या कव्हरावर कुलपाची चित्रं उलटी छापलेली आहेत, वरचं बटण दार लावायचं दाखवतं आणि दार उघडतं, त्यामुळे अजूनही गाडी बंद करून निघालो की दारं आधी उघडतात आणि मग मी ती लावतो.