तोंड की जीभ? लुओ भाषांचं नातं

केनियातल्या लुओंच्या भाषेचं नाव रोमन लिपीत लिहिताना डीपुढे एच घालतात, म्हणून आपल्याकडे ती सर्रास ‘धोलुओ’ होते. खरा उच्चार ‘दोलुओ’च्या जवळचा. ‘दो’ म्हणजे तोंड. लुओंचं तोंड ते दोलुओ. दक्षिण सुदानमधले शिलुक आपल्या भाषेला दोक चोलो म्हणतात, तिथंही तोंडच. उत्तर युगांडातले अचोली मात्र लेब अचोली म्हणतात, आणि लेब म्हणजे जीभ.

अचोलीत हा दंत्य ‘द’ उरलेलाच नाही, तो ‘ड’कडे सरकला. गाय दोलुओत दियांग, अचोलीत डियांग. साप तिकडे तुओल, इकडे ट्वोल. मराठी कानाला हा फरक चटकन कळतो. इंग्रजीवर वाढलेल्याला तो मुद्दाम शिकावा लागतो. पाणी मात्र दोघींतही पी.

या साऱ्या लुओ भाषा, नाईलच्या खोऱ्यातल्या नायलोटिक कुळाच्या पश्चिम गटातल्या. डिंका आणि नुएर त्यांच्या चुलत बहिणी. मूळ वस्ती दक्षिण सुदानात, बहुधा बहर-अल-गझलच्या बाजूला. साधारण पाचशे वर्षांपूर्वी, काहींच्या मते त्याही आधी, तिथून टोळ्या पांगल्या. शिलुक आणि अनुआक उत्तरेकडेच राहिले, बाकीचे नाईलच्या कडेनं दक्षिणेला उतरले.

पुढची फाटाफूट लोककथेत भाल्यावरून होते. उत्तर युगांडात पक्वाचजवळ पुबुंगूला गिपिरनं भाऊ लाबोंगोचा भाला हत्तीवर फेकला. हत्ती भाल्यासकट पळाला. लाबोंगोला तोच भाला हवा, दुसरा नको. गिपिरनं जंगल पालथं घालून तो आणला. पुढे लाबोंगोच्या तान्ह्या मुलानं गिपिरचा मणी गिळला, तेव्हा गिपिरही अडून बसला: तोच मणी हवा. मुलाचं पोट चिरलं गेलं. भाऊ वेगळे झाले. गिपिर नाईल ओलांडून पश्चिमेला गेला, त्याच्याकडचे ते अलूर, लाबोंगोकडचे अचोली. इतिहास म्हणून हे कुणी शब्दशः घेत नाही, पण अलूर आणि अचोली यांच्यामध्ये आजही नाईल वाहते. आणखी काही गट पूर्व युगांडात टोरोरोकडे आणि व्हिक्टोरिया सरोवराकाठी केनिया, टांझानियापर्यंत पोचले.

इथवर सारं वंशावळीसारखं सरळ वाटतं. पण भाषेचं झाड म्हणजे माणसांचं झाड नव्हे, आणि लुओंइतकं हे क्वचितच कुठे उघड दिसतं. युगांडाचे माजी राष्ट्राध्यक्ष मिल्टन ओबोटे ज्यांच्यातले, ते लांगो लोक लुओ भाषा बोलतात, पण त्यांचे बरेचसे पूर्वज ईशान्य युगांडातल्या करामोजाकडचे, वेगळ्याच नायलोटिक शाखेचे मानले जातात. व्हिक्टोरियातल्या रुसिंगा आणि म्फांगानो बेटांवरचे सुबा लोक मूळचे बांटूभाषी, म्हणजे अगदी वेगळ्या भाषाकुळातले. आता त्यांच्यातले बहुतेक दोलुओच बोलतात.

पश्चिम युगांडातल्या बुन्योरो राज्यात नेमकं उलटं घडलं. लुओ वंशाचं बाबितो घराणं तिथं गादीवर बसलं आणि प्रजेची बांटू भाषाच बोलू लागलं. मागे राहिली ती एम्पाको: आदरानं, लाडानं हाक मारायची बारा नावं. अमोती, अकीकी, अब्वोली... त्यांचं मूळ लुओ मानतात. भेटल्यावर आजही तिथं आधी समोरच्याची एम्पाको विचारतात, मग ख्यालीखुशाली.