दिवाणी वादात पोलीस बंदोबस्त : हुकूम आधी, बंदोबस्त नंतर

शेताच्या बांधावरून किंवा घराच्या ताब्यावरून भांडण झाले की पोलीस ठाण्यात बहुधा एकच उत्तर मिळते : ‘मॅटर दिवाणी आहे, कोर्टात जा.’ तक्रारदाराला ही टाळाटाळ वाटते आणि कित्येकदा ती असतेही. तरीही या उत्तरामागचे तत्त्व खरे आहे. मालकी कोणाची आणि वहिवाट कोणाची हे ठरवण्याचा अधिकार पोलिसांना नाही, तो दिवाणी न्यायालयाचा आहे. खरी अडचण पुढे येते, जेव्हा न्यायालयाचा मनाई हुकूम हातात असूनही समोरचा पक्ष तो जुमानत नाही.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत यावर उपाय आहे, पण तो मुख्यतः शिक्षेचा आहे. हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त करता येते आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवता येते. १९७६ च्या दुरुस्तीने या तरतुदीला संहितेच्या आदेश ३९ मध्ये, म्हणजे मनाई हुकुमांविषयीच्या प्रकरणात, नियम २-अ म्हणून स्वतंत्र जागा मिळाली. मात्र त्यासाठी अर्ज, नोटीस, म्हणणे, पुरावा असा सगळा क्रम पार पडावा लागतो, आणि तोपर्यंत उभे पीक कापून नेलेले असते किंवा भिंत पाडून झालेली असते. हुकूम मोडला जात असतानाच पोलिसांची मदत देता येईल का, याचे थेट उत्तर या नियमात नाही.

ते उत्तर न्यायालयांनी कलम १५१ मध्ये, म्हणजे स्वतःच्या अंगभूत अधिकारांत, शोधले. आदेश ३९ च्या चौकटीबाहेरही या अधिकारांतून मनाई देता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्ये मनोहरलाल चोप्रा प्रकरणात सांगितले होते. १९७० च्या आसपास आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाने रायपाटी औदेम्मा प्रकरणात हाच धागा पुढे नेला आणि मनाई हुकुमाच्या अंमलासाठी दिवाणी न्यायालय पोलिसांना साहाय्याचा आदेश देऊ शकते, असे ठरवले. पुढे मीरा चौहान प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेही हा अधिकार मान्य केला.

दरम्यान दुसरी वाटही रुळली होती, ती म्हणजे राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली थेट उच्च न्यायालयात जाऊन संरक्षण मागण्याची. या वाटेत मोठा धोका होता. दावाच न लावता, हक्क सिद्ध न करता, केवळ ‘जीविताला धोका आहे’ असे म्हणून बंदोबस्त मिळवायचा आणि त्याच्या आडोशाने वादग्रस्त जागेवर ठाण मांडायचे, हे शक्य होत होते. केरळमधील एका धार्मिक न्यासाच्या वादातून आलेल्या पी. आर. मुरलीधरन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये याला बांध घातला. हक्क दिवाणी न्यायालयाने अंतिमतः, निदान अंतरिम टप्प्यावर तरी निःसंदिग्धपणे ठरवलेला नसेल, तर पोलीस संरक्षणाच्या याचिकेतून तो मिळवता येणार नाही, असा त्या निर्णयाचा आशय आहे. या विषयातला सर्वांत महत्त्वाचा निर्णय मला हाच वाटतो, कारण बंदोबस्त हा हक्काच्या मागून चालतो, हक्क निर्माण करत नाही, हे त्याने स्पष्ट केले.

एकतर्फी तूर्तातूर्त मनाईच्या, म्हणजे दुसऱ्या पक्षाला ऐकण्याआधी दिलेल्या तात्पुरत्या मनाईच्या, बाबतीत ही मर्यादा विशेष काटेकोर पाळायला हवी. दुसरी बाजू ऐकलेलीच नसताना बंदोबस्त दिला, तर ज्याचा ताबा खरा आहे तोच पोलिसांच्या देखत बाहेर काढला जाण्याची भीती असते. त्यातच हुकुमात गट क्रमांक आणि चतुःसीमा मोघम असतील, तर जागेवर गेलेल्या हवालदाराने नेमके कोणाला अडवायचे? ज्या वादाचा निर्णय न्यायाधीशाने द्यायचा, तो मग हवालदाराच्याच गळ्यात पडतो.

येथे एक गैरसमज दूर केला पाहिजे. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ४७ खाली खासगी व्यक्तीच्या अर्जावरून आणि तिच्या खर्चाने जादा पोलीस नेमता येतात. ती प्रशासकीय सोय आहे. पैसे भरून मिळालेल्या त्या बंदोबस्ताला न्यायालयीन हुकुमाचे बळ नसते.

अंतिम हुकूमनाम्यानंतरची स्थिती वेगळी आहे, कारण तेथे हक्काचा प्रश्न मिटलेला असतो. तरीही दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठीच्या अर्जात, बेलीफ (न्यायालयाचा अंमलबजावणी कर्मचारी) ताबा घ्यायला गेला की जमाव आडवा येतो आणि बेलीफ ‘अडथळा झाला’ असा अहवाल देऊन परततो. राहुल शाह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढण्यास सांगितले आणि पोलिसांशिवाय अंमल अशक्य असल्याची खात्री पटल्यास संबंधित ठाण्याला साहाय्याचा आदेश देता येईल, हेही नमूद केले. २०२५ मध्ये त्याच न्यायालयासमोर देशभरातील आकडेवारी आली, तेव्हा प्रलंबित दरखास्तींची संख्या आठ लाखांहून अधिक होती आणि त्यांत सर्वाधिक महाराष्ट्रातल्या होत्या.