भूसंपादनाचा मोबदला (कोकण)

सार्वजनिक कामासाठी शासन खाजगी जमीन सक्तीने घेते, तेव्हा मालकाला व इतर हितसंबंधितांना द्यायची रक्कम म्हणजे मोबदला. मालमत्तेचा हक्क 1978 च्या 44 व्या घटनादुरुस्तीने मूलभूत हक्कांतून गेला. तरी अनुच्छेद 300-अ प्रमाणे कायद्याच्या आधाराशिवाय कोणाची मालमत्ता काढून घेता येत नाही. 1894 च्या कायद्याची जागा 1 जानेवारी 2014 पासून 2013 च्या भूसंपादन कायद्याने घेतली. राष्ट्रीय महामार्गांसाठी 1956 चा वेगळा कायदा आहे, पण मोबदल्याचे 2013 चे निकष 2015 पासून तिथेही लागू आहेत.

जमिनीचा दर रेडीरेकनरवरून (सरकारी दरतक्त्यावरून) किंवा खरेदीखतांवरून निघतो. आसपासच्या तशाच जमिनींची मागच्या तीन वर्षांतली खते काढायची, त्यांतली चढ्या दराची निम्मी घेऊन सरासरी करायची आणि दोहोंतला जास्त दर धरायचा. ग्रामीण भागात त्याला 1 ते 2 मधल्या गुणकाने गुणतात, झाडे, घर, विहीर यांची किंमत मिळवतात आणि जी बेरीज येईल तेवढीच दिलासा रक्कम वर देतात. जुन्या कायद्यात ही रक्कम शेवटी 30 टक्के होती. समजा, जमीन 10 लाखांची, गुणक 2 आणि झाडे 3 लाखांची. तर 23 लाख अधिक 23 लाख, म्हणजे 46 लाख. शिवाय मूळ बाजारमूल्यावर ठरावीक काळासाठी दरसाल 12 टक्के.

हा हिशेब कोकणात पहिल्याच पायरीवर अडखळतो. वाडीत तीन वर्षांत एखाद-दुसरे खरेदीखत झालेले असते, आणि मुद्रांक वाचवायला त्यात किंमत कमी दाखवलेली असते. तेव्हा वाचवलेले पैसे निवाड्यात, म्हणजे मोबदला ठरवणाऱ्या सरकारी आदेशात, असे वळते होतात. जमिनीचा वर्गही फसवा असतो. सातबाऱ्यावर ‘पोटखराबा’ (लागवडीला अयोग्य) किंवा ‘वरकस’ (हलकी जमीन) असलेल्या कातळात सुरुंगाने खड्डे फोडून, बाहेरून माती आणून हापूसची कलमे उभी केलेली असतात.

म्हणून इथे खरा वाद झाडांचा. संयुक्त मोजणीच्या दिवशी भूमापक, तलाठी आणि कृषी खात्याचा माणूस बागेत फिरतात. खोडावर रंगाने आकडा पडतो, जात, वय, घेर लिहून घेतात, पंचनाम्यावर सह्या होतात. हापूस बहुधा एकाआड एक वर्ष धरतो. मोजणी न धरलेल्या वर्षी आली तर बाग ओकीबोकी दिसते, आणि आंबा विकल्याच्या पावत्या जपलेल्या नसतात. त्या दिवशी राहून गेलेले झाड पुढे कागदावर आणणे महाकठीण. सर्वोच्च न्यायालयाने 1995 साली स्पष्ट केले, की बागेचे मूल्य उत्पन्नावरून काढले तर त्याच जमिनीची किंमत पुन्हा वेगळी मिळत नाही; झाडांचे फार तर लाकूड धरता येते.

दुसरी अडचण नावांची. एका सातबाऱ्यावर आजोबांच्या पिढीपासूनचे वीस-पंचवीस सहहिस्सेदार असतात; निम्मे मुंबईत, काही वारलेले आणि वारस नोंद झालेली नाही. कब्जा एकाचा, नाव दुसऱ्याचे, कुळाचा दावा तिसऱ्याचा. मग दर मान्य असूनही वाटपाच्या वादात पैसे अडकून पडतात.

दर सूत्राबाहेर गेल्याचीही उदाहरणे आहेत. जैतापूर अणुऊर्जा प्रकल्पासाठी माडबन, मिठगवाणे परिसरातली सुमारे 938 हेक्टर जमीन घेतली गेली. अनेकांनी धनादेश नाकारले आणि 2013 मध्ये शासनाने हेक्टरी 22.5 लाखांपर्यंत वाढीव रक्कम जाहीर केली. नवी मुंबईसाठी जमिनी गेलेल्या उरण-पनवेलच्या शेतकऱ्यांनी दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली जानेवारी 1984 मध्ये जासई परिसरात आंदोलन केले. गोळीबारात पाच जण गेले. पुढे संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याची योजना आली. रोख रक्कम मुलाच्या लग्नात आणि गाडीत संपते, भूखंडाचा भाव वाढत राहतो. त्यामुळे या भागात आजही टक्क्यांचीच भाषा चालते.

निवाडा मान्य नसेल तरी रक्कम उचलता येते. मात्र पावतीवर ‘हरकत राखून’ असे लिहावे लागते. निवाड्याच्या वेळी हजर असणाऱ्याने वाढीव मोबदल्याचा अर्ज सहा आठवड्यांत करायचा असतो. महामार्गाच्या संपादनात हाच वाद केंद्र सरकारने नेमलेल्या लवादापुढे जातो.