मार्सेल दालियो

दालियो, मार्सेल : (१८९९–१९८३). फ्रेंच चित्रपट व दूरचित्रवाणी अभिनेते. मूळ नाव इस्राएल ब्लाउशिल्ड. पॅरिसमध्ये, रुमानियातून आलेल्या ज्यू कुटुंबात जन्म. तिथल्याच काँझर्व्हात्वार या नाट्यविद्यालयात शिकून ते रंगभूमीवर आले. बोलपटांच्या सुरुवातीच्या काळात ठेंगणी चण आणि टपोरे, सावध डोळे पाहून निर्माते त्यांना खबरे, भुरटे, लबाड अशीच कामे देत. ‘पेपे ल मोको’ (१९३७) मधला खबऱ्या त्यातलाच.

ही चाकोरी दिग्दर्शक ज्याँ रन्वार यांनी मोडली. ‘ला ग्रांद इल्यूझ्यों’ (१९३७) मध्ये दालियो पहिल्या महायुद्धातले युद्धकैदी लेफ्टनंट रोझेन्थाल झाले. श्रीमंत घरचा हा ज्यू अधिकारी माहेरून यावेत तसे येणारे खाऊचे डबे सगळ्या कैद्यांना वाटून टाकतो. पुढे पळून जाताना त्याचा पाय मुरगळतो, सोबतचा कैदी मारेशाल वैतागून त्याच्या ज्यू असण्यावरून बोलतो आणि त्याला टाकून निघतो. रोझेन्थाल खडकावर बसून रागारागाने एक बालगीत गाऊ लागतो. दूर चाललेला मारेशालही नकळत तेच गुणगुणतो, मग गप्प होतो आणि परत फिरतो.

दोनच वर्षांनी ‘ला रेगल द्यू जू’ (१९३९) मध्ये रन्वार यांनी त्यांना थेट मार्क्विस, म्हणजे उमराव केले. दालियोंची ही सर्वश्रेष्ठ भूमिका. नोकरांच्या पंगतीत मार्क्विसच्या आईकडचे आजोबा रोझेन्थाल नावाचे, म्हणजे ज्यू होते, अशी कुजबुज होते. त्यावर आचारी म्हणतो, बटाट्याच्या सॅलडवर व्हाइट वाइन बटाटे चटके बसण्याइतके गरम असताना ओतली नव्हती, हे मार्क्विसनी लगेच ओळखले. याला म्हणतात खानदानी माणूस! पुढे मार्क्विस आपल्या संग्रहातला नवा यांत्रिक ऑर्गन पाहुण्यांना दाखवतो. कॅमेरा सरकत सरकत त्याच्या चेहऱ्यावर येतो, तेव्हा तिथे अभिमान आणि संकोच एकाच वेळी दिसतात. मालकी आपली आहे, पण हे जग आपल्याला खरेच आपले मानते का, हा प्रश्न त्या काही क्षणांत एका शब्दाशिवाय मांडला जातो. फ्रेंच अभिनयात याच्या तोडीचे फार थोडे सापडेल.

१९४० मध्ये जर्मन सैन्य पॅरिसजवळ येताच दालियो तरुण पत्नी, अभिनेत्री मादलेन लबो हिच्यासह लिस्बनमार्गे निसटले. चिलीचे मिळवलेले व्हिसा मेक्सिकोला पोचल्यावर बनावट निघाले; अखेर कॅनडाच्या तात्पुरत्या पारपत्रांवर ते अमेरिकेत शिरले. इकडे नाझींनी त्यांचाच फोटो ‘ज्यू कसा दिसतो’ हे सांगणाऱ्या प्रचारफलकांवर लावला. त्यांचे कुटुंबीय छळछावण्यांत मारले गेले.

हॉलिवूडमध्ये मार्क्विसला पुन्हा किरकोळ कामे आली. ‘कासाब्लांका’ (१९४२) मध्ये ते नायक रिकच्या जुगारखान्यातले क्रुपिए, म्हणजे जुगाराचे टेबल चालवणारे नोकर आहेत. जुगार चालतो म्हणून धक्का बसल्याचा आव आणणाऱ्या पोलीस कॅप्टन रेनोच्या हातात जिंकलेले पैसे ठेवणारा हाच माणूस. त्याचे नाव श्रेयनामावलीत नाही. यव्होनच्या भूमिकेतल्या लबोचे मात्र आहे. याच चित्रपटाच्या वेळी त्यांचा संसार मोडला. ‘टू हॅव अँड हॅव नॉट’ (१९४४) मधला हॉटेलमालक फ्रेंची ही त्यांची त्या काळातली जरा मोठी भूमिका.

युद्ध संपल्यावर ते मायदेशी परतले, तरी फ्रान्स आणि अमेरिका अशी ये-जा चालूच राहिली. ‘जंटलमेन प्रिफर ब्लाँड्स’ (१९५३) मध्ये ते न्यायाधीश झाले. १९५५ मध्ये ‘कासाब्लांका’वर अमेरिकेत दूरचित्रवाणी मालिका निघाली, तेव्हा क्रुपिएला बढती मिळाली आणि पोलीस कॅप्टनचे काम दालियोंकडे आले. मालिका फार टिकली नाही.

फ्रान्समधल्या सामान्य प्रेक्षकाला ते अधिक आठवतात ते ‘रब्बी जॅकब’ (१९७३) या लुई द फ्यूनेस या नटाच्या तुफान विनोदी चित्रपटामुळे. त्यातल्या खऱ्याखुऱ्या रब्बीची (ज्यू धर्मगुरूची) भूमिका त्यांची होती. १९७६ मध्ये त्यांच्या आठवणी पुस्तकरूपाने आल्या. नोव्हेंबर १९८३ मध्ये पॅरिसमध्ये त्यांचे निधन झाले.