अजब बंगला १८६३, पागलखाना १८६४

सीताबर्डीवरून मानकापूरकडे जायला ऑटो केला, की ऑटोवाला हमखास विचारतो, "पागलखान्याच्या अलीकडे का पलीकडे?" पाटीवर 'प्रादेशिक मनोरुग्णालय' आहे, पण लोकांच्या तोंडी तो चौक आजही पागलखाना चौकच. नागपूरकराचं अर्धं भांडण "पागल झाला का बे?" इथून सुरू होतं. या शब्दामागे एकशे साठ वर्षांचा इतिहास उभा आहे आणि आपण त्याच्या भिंतीला लागून रोज ये-जा करतो.

भोसल्यांचं राज्य १८५४ मध्ये खालसा झालं. १८६१ मध्ये मध्य प्रांत झाला आणि नागपूर त्याची राजधानी. पुढच्या तीन वर्षांत इंग्रजांनी इथे भराभर संस्था उभ्या केल्या. चीफ कमिशनर रिचर्ड टेंपल यांच्या काळात १८६३ साली मध्यवर्ती संग्रहालय निघालं, तोच आपला अजब बंगला. १८६४ साली नगरपालिका आली आणि त्याच वर्षी वेड्यांचं इस्पितळ. संग्रहालय आणि पागलखाना, दोघांच्या जन्मात वर्षभराचं अंतर. मला हा निव्वळ योगायोग वाटत नाही. नव्या मुलखात काय काय आहे ते गोळा करायचं, त्याचे वर्ग पाडायचे, त्यावर चिठ्ठी लावायची, ही त्या राजवटीची कामाची रीतच होती. अजब बंगल्यात शिलालेख, शस्त्रं, पेंढा भरलेले प्राणी, गोंडांच्या वस्तू मांडल्या गेल्या, लोकांनी येऊन पाहाव्यात म्हणून. आणि रस्त्यावर बडबडत फिरणारी, कोणाच्या ताब्यात न राहणारी माणसं भिंतीआड गेली, लोकांना दिसू नयेत म्हणून.

भिंतीआडही चिठ्ठी होतीच. त्या काळच्या इस्पितळांच्या नोंदवह्यांत वय, जात, धंदा, वेडाचा प्रकार आणि वेडाचं कारण असे रकाने असत. या 'कारण' रकान्याची गोष्ट थांबून सांगण्यासारखी आहे. देशभर त्यात 'गांजा' हे उत्तर सर्रास भरलेलं असे. सरकारने १८९३ मध्ये गांजा-भांगेच्या चौकशीसाठी आयोग नेमला. आयोगाने १८९२ सालच्या भरत्या पुन्हा तपासल्या. गांजामुळे वेड लागलं अशा २२२ नोंदी होत्या. छाननीनंतर गांजाचा संबंध मानता येईल अशा उरल्या ९८. बाकीच्यांचं काय? माणूस आणणाऱ्या पोलिसाने जे सांगितलं, ते कारकुनाने लिहिलं होतं. घरचं कोणी सोबत नसे, विचारणार कोणाला? आज त्या वह्यांवरून इतिहास लिहिणाऱ्याने हे ध्यानात ठेवायला हवं. वहीत जे सापडतं त्यात माणसाचा आजार थोडा आणि त्याला घेऊन आलेल्याची समजूत जास्त.

या आधी आपल्याकडे काय होतं? विदर्भातल्याच रिद्धपूरचं उदाहरण जवळचं आहे. तेराव्या शतकातले गोविंदप्रभू, चक्रधरस्वामींचे गुरू. मनाला येईल तेव्हा हसत, रुसत, कोणाच्याही घरात शिरून हाताला लागेल ते खात. गाव त्यांना म्हणे, 'राऊळ वेडे, राऊळ पिसे' आणि तेच गाव म्हणे, 'राऊळ माय, राऊळ बाप'. वेडं आणि मायबाप हे दोन्ही शब्द एकाच माणसाला लावताना त्या गावाला अडचण आली नाही. याचा अर्थ जुन्या काळी सगळ्या वेड्यांना असाच मान मिळे असा मुळीच नाही. गोठ्यात दावणीला बांधलेली माणसंही याच मातीतली. पण वेडेपणात काहीतरी ऐकण्यासारखं असू शकतं, ही जाणीव तरी होती.

ती जाणीव आणि इंग्रजी कायदा यांची नागपुरात समोरासमोर गाठ पडली ती ताजुद्दीन बाबांच्या निमित्ताने. १८६१ मध्ये कामठीत जन्म, काही काळ फौजेत नोकरी, मग नोकरी सोडून फकिरी. भक्त सांगतात की गोऱ्या बायका टेनिस खेळत होत्या तिथे बाबा विवस्त्र गेले आणि त्यावरून त्यांना वेडा ठरवण्यात आलं. १८९२ मध्ये ते नागपूरच्या पागलखान्यात दाखल झाले. म्हणजे गांजा आयोगाने ज्या वर्षाच्या भरत्या तपासल्या, तेच वर्ष. सोळा वर्षं ते आत राहिले आणि लोक त्यांच्या दर्शनाला पागलखान्याकडे येऊ लागले. शेवटी राजे रघुजीराव भोसल्यांनी जामीन राहून १९०८ मध्ये त्यांना शक्करदऱ्याच्या वाड्यात आणलं. १९२५ मध्ये बाबा गेले. ताजबागला त्यांचा दर्गा आहे. इस्पितळाच्या आवारातली त्यांची जागाही भाविक जपून आहेत आणि तिला अदबीने 'पागलखाना शरीफ' म्हणतात. पागलखान्यापुढे 'शरीफ' लावणारं दुसरं शहर मला माहीत नाही.

मला ही गोष्ट फार प्रिय आहे, म्हणूनच तिची दुसरी बाजू सांगितल्यावाचून राहवत नाही. त्या सोळा वर्षांत आत इतरही माणसं होती, ज्यांच्यासाठी कोणी राजा जामीन राहिला नाही आणि ज्यांची खोली कोणी जपली नाही. शिवाय श्रद्धेचं छत्र दर वेळी सावलीच देतं असं नाही. तमिळनाडूत एरवाडीच्या दर्ग्याजवळ खाजगी आश्रमांत मनोरुग्णांना साखळ्यांनी बांधून ठेवत. ६ ऑगस्ट २००१ रोजी तिथे आग लागली आणि २८ जण होरपळून मेले. त्यांना पळताच आलं नाही.

कायद्याची वाट थोडक्यात सांगते. १८५८ चे कायदे, मग १९१२ चा 'लुनॅसी अॅक्ट', त्यात दंडाधिकाऱ्याच्या हुकुमाने भरती. १९२० च्या दशकात 'असायलम' जाऊन 'मेंटल हॉस्पिटल' आलं आणि काही पिढ्यांतच 'मेंटल' हीच शिवी झाली. १९८७ चा कायदा अमलात यायला १९९३ उजाडलं. २०१७ च्या कायद्याने साखळीने बांधणं आणि भूल न देता विजेचे झटके देणं बंद केलं. आज महाराष्ट्रात ठाणे, येरवडा, रत्नागिरी आणि नागपूर अशी चार सरकारी मनोरुग्णालयं आहेत. नागपूरचं ९४० खाटांचं.

आता पुन्हा संग्रहालयाकडे. पागलखान्याचा हा इतिहास एखाद्या दालनात मांडायचा झाला तर? वेड दाखवायचं कसं, हा प्रश्न जगाला जुनाच आहे. लंडनच्या बेथलेम इस्पितळात अठराव्या शतकात लोक सहलीला यावं तसे रुग्ण बघायला येत. १७७० मध्ये ते थांबवलं गेलं. तिथल्या फाटकावर दोन दगडी पुतळे होते, एक साखळदंडातला उन्माद आणि एक खिन्नता. आज तेच पुतळे बेथलेमच्या संग्रहालयात आत शिरताच समोर येतात, सोबत रुग्णांनी काढलेली चित्रं. अमेरिकेत मिसुरीतल्या एका संग्रहालयात एका रुग्ण बाईच्या पोटातून निघालेल्या १,४४६ वस्तू, खिळे, स्क्रू, टाचण्या, नक्षीसारख्या गोलाकार मांडून काचेत ठेवल्या आहेत. त्याचं छायाचित्र पाहिलं तेव्हा मी आधी नक्षीच पाहिली, बाई नंतर आठवली. ही मांडणी मला मान्य नाही. अठराव्या शतकातली ती सहल आणि ही काच यांत फरक फार थोडा आहे.

याउलट न्यूयॉर्क राज्यातल्या विलर्डचं. ते इस्पितळ १९९५ मध्ये बंद झालं तेव्हा माळ्यावर चारशेहून जास्त सूटकेसा सापडल्या, रुग्ण भरती होताना घेऊन आलेल्या. कपडे, पत्रं, फोटो, शिवणाचं सामान, जे परत गेल्यावर लागेल म्हणून माणूस बांधून घेतो ते. बहुतेक सामान तसंच राहिलं, कारण मालक परत गेलेच नाहीत. २००४ मध्ये त्यांतल्या काहींचं प्रदर्शन झालं. तिथे आजाराचं नाव मागे पडलं आणि माणूस काय घेऊन निघाला होता ते पुढे आलं. पण रुग्णाच्या गोपनीयतेच्या नियमामुळे पुरती नावं लिहिता येईनात. त्याच इस्पितळाच्या दफनभूमीत थडग्यांवरही नावं नाहीत, नुसते आकडे आहेत. गुप्तता माणसाला जपते आणि तीच त्याला पुसूनही टाकते. आपल्या २०१७ च्या कायद्यातही गोपनीयतेचा हक्क आहे आणि तो हवाच. मग नागपुरात उद्या असं दालन करायचं झालं, तर भिंतीवर कोणाचं नाव लिहायचं आणि परवानगी कोणाची घ्यायची?

हा प्रश्न माझ्या घरातला आहे. माझ्या आजीची धाकटी बहीण लग्नानंतर चार-पाच वर्षांत एका मनोरुग्णालयात गेली आणि तिकडचीच झाली. घरात तिचा फोटो नाही. लग्नपत्रिका नाही. तिच्याबद्दल कोणी बोलत नसे; आजी फक्त संक्रांतीला तिळगुळाची एक पुडी बाजूला काढून ठेवायची. तिच्या रुखवतातला एक पितळी गडवा मात्र आजीकडे राहिला. त्याच्या काठाखाली ठिपक्या-ठिपक्यांनी तिचं नाव घातलेलं आहे, सासरचं, 'सौ.' लावून. कासाराचा हात चांगला होता. चिंच लावून घासला की अक्षरं अजून नीट लागतात.

असं दालन कधी निघालं तर हा गडवा द्यायला मी तयार आहे, नावासकट. माझा मामेभाऊ म्हणतो, गडवा दे, पण नाव झाकून दे, त्याच्या मुलीचं लग्न व्हायचं आहे. आमचं अजून ठरलेलं नाही.