क्रिओल कोळंबी, जपानी भात आणि मधलं पाणी

अमेरिकेतल्या लुइझियाना राज्याच्या क्रिओल स्वयंपाकपद्धतीची कोळंबी सुशीत गुंडाळायची म्हटलं की आधी चवीची धास्ती वाटते. पण चवींचं चांगलं जमतं. १९०८ साली किकुनाए इकेदा यांनी कोंबू या समुद्री शेवाळातून ग्लुटामेट हे चवद्रव्य वेगळं केलं आणि त्याच्या रश्शासारख्या भरीव चवीला उमामी हे नाव दिलं. सुशी गुंडाळायच्या नोरीत, म्हणजे समुद्री शेवाळाच्या कागदासारख्या पापुद्र्यातही, ते भरपूर असतं. त्याला कोळंबीतल्या चव वाढवणाऱ्या अ‍ॅडेनिलेटची जोड मिळाली की उमामी दोघांच्या बेरजेपेक्षा जास्त जाणवते. तिखटाचंही तेच. केयेन मिरचीतलं कॅप्सेसिन जिभेवर रेंगाळतं, तर वसाबी या झणझणीत जपानी चटणीतलं आयसोथायोसायनेट उडून नाकात चढतं आणि लगेच ओसरतं. दोघांना टिपणारे मज्जातंतूंवरचे ग्राहक-रेणू वेगळे, त्यामुळे एकाच घासात दोन्ही कळतात.

घोळ घालतं ते पाणी. नोरी कोरडी असेपर्यंतच कुरकुरीत. ओल शोषली की वातड होते. आणि क्रिओल स्वयंपाक मुळातच रसदार! कांदा, सेलरी आणि ढोबळी मिरची या त्याच्या त्रिकुटात बहुतांश पाणीच असतं.

म्हणून हे त्रिकूट बारीक चिरून लोण्यात परतताना कान उघडे ठेवा. सुरुवातीला जोरात चरचर होते, कारण पाण्याची वाफ होत असते. पाणी आहे तोवर भाजीचं तापमान १०० अंशांच्या आसपास अडकून राहतं आणि ती नुसती शिजते. आवाज मंदावला, कडेला लोणी सुटलं, की खमंगपणा देणारी मैयार अभिक्रिया वेग घेते. पॅप्रिका (सौम्य लाल मिरचीपूड) आणि केयेन त्याच वेळी घाला. पॅप्रिकाचा रंग आणि कॅप्सेसिन दोन्ही पाण्यापेक्षा स्निग्धात चांगले विरघळतात. मग कोळंबी पूर्ण शिजवा, टिपून घ्या आणि सारण गार होऊ द्या. गरम सारणाची वाफ नोरीतच जिरते.

अमेरिकेत भात बाहेर, नोरी आत असा उरामाकी रोल लोकप्रिय आहे. इथे मात्र मी तो टाळेन, कारण त्यात ओलं सारण थेट नोरीवर बसतं. फुतोमाकी या नोरी बाहेर असलेल्या जाड रोलमध्ये सारण आणि नोरीच्या मध्ये भाताचा थर येतो. रेमुलाड हा मेयोनेजसारखा सॉस आत भरू नका, खाताना वरून घ्या.

तांदूळ मात्र जपानीच हवा. जांबालाया या क्रिओल भाताला लागतो तो लांब दाण्याचा तांदूळ अमायलोज हा स्टार्चचा प्रकार जास्त असल्यामुळे मोकळा शिजतो. तो रोलमध्ये टिकत नाही. आखूड दाण्यात अमायलोज कमी, म्हणून भात चिकटतो. तो फ्रिजमध्ये ठेवला तर स्टार्चचे रेणू पुन्हा जुळून दाणे टणक होतात. भातात व्हिनेगरही हात आखडून घालू नका: बॅसिलस सेरियस या पोट बिघडवणाऱ्या जिवाणूचे बीजाणू शिजवूनही उरतात, पण सामू (pH) ४.६ च्या खाली गेला की त्यांची वाढ रोखली जाते. तरी रोल लगेच खाल्लेले बरे.

कोळंबीऐवजी क्रॉफिश (छोट्या लॉबस्टरसारखा जीव) घेणार असाल, तर सुशी म्हणून ते कच्चं ठेवायचा मोह नको. ते गोड्या पाण्यातलं असतं आणि त्यातून फुप्फुसात राहणारा चपटा कृमी माणसात शिरू शकतो.